काखेतला डाग

माझी धाकटी बहीण काखेत लावायचं एक क्रीम घरी करायची, आणि त्या क्रीमवरून मी तीन वर्षं तिच्यावर जळत होते. जळत होते म्हणजे मनाला जरा टोचायचं वगैरे नव्हे. तिच्या डब्या दिसल्या की माझ्या पोटात खरंच दुखायचं. समोरच्या बाईनं तिचं कौतुक केलं की माझा पाय मशीनच्या पायडलवर जोरात पडायचा आणि टीप वाकडी जायची. मग ती टीप उसवत बसायचं, आणि तेही तिच्याच नावानं.

धाकटी औषधशास्त्र शिकलेली. चितेगावच्या एका औषधाच्या कंपनीत ती बरीच वर्षं प्रयोगशाळेत होती. दुसऱ्या मुलाच्या वेळी तिनं नोकरी सोडली आणि वर्षभरानं स्वयंपाकघरातच काहीबाही घोटायला लागली. खोबरेल तेल, अरारूट, चिमूटभर खायचा सोडा आणि वाळ्याचं अत्तर. एवढं ती सांगायची. आणखी एक वस्तू त्यात होती, पण ती कोणती हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं, आईलासुद्धा नाही. तळहातावर मावेल अशी पांढऱ्या झाकणाची डबी, आत पिवळसर लोणी. घामाचा वास दिवसभर येत नाही, आणि फवाऱ्याच्या बाटलीतलं केमिकल अंगाला लागत नाही, असं ती बायकांना समजावून सांगायची.

आमच्याकडचा मे महिना ज्यानं अंगावर काढलाय त्याला या डबीचं मोल वेगळं सांगायला नको. गारखेड्यातल्या बायकांनी ती डोक्यावर घेतली. भिशीत तीच, शाळेच्या स्टाफरूममध्ये तीच. माझ्याकडं ब्लाऊजचं माप द्यायला आलेली बाई हात वर करायची आणि वाळ्याचा वास यायचा. मी टेप गुंडाळून माझ्याच बहिणीची स्तुती ऐकायचे.

त्यात आई माझ्याकडं राहायची. जेवणखाण माझ्याकडं, औषधाच्या वेळा मी सांभाळायच्या, दवाखान्यात रिक्षानं मी न्यायचं. आणि पाकिटात डबी मात्र धाकटीची. कुणीही आलं की आई ती काढून दाखवायची.

"माझ्या धाकटीनं केलंय. हुंगून तर बघा," ती म्हणायची. "शिकलेली हाये ना ती."

हे सांगताना आईच्या अंगात मी शिवलेला ब्लाऊज असायचा. बावीस वर्षं तिचा एकेक ब्लाऊज मी शिवला. तिचा उजवा खांदा डाव्यापेक्षा जरा उतरता आहे, हे तिला स्वतःला माहीत नाही, मला माहीत आहे, आणि म्हणून कुणालाच ते दिसत नाही. पण "हा ब्लाऊज बघा, थोरलीनं शिवलाय" असं तिनं कधी कुणाला म्हटल्याचं मला आठवत नाही. आपण श्वास घेतो ते आपण सांगत नाही, तसं माझं शिवणकाम.

बरं, माझ्यावर अन्याय झाला म्हणावं तर तसंही नाही. मला कुणी शिकू नको म्हटलं नव्हतं. बारावीनंतर वडील म्हणाले होते, कॉलेजला जा. मीच गेले नाही. मला शिवण आवडायचं, गणित आवडायचं नाही. ही गोष्ट मला पुढं फार अडचणीची झाली. हेवा करायचा तर हाताशी निदान एखादा अन्याय असावा लागतो. माझ्याकडं तोही नव्हता. नुसता हेवा होता.

ब्लाऊजचं सगळं कसब मुंढ्यात, म्हणजे काखेच्या कापात असतं. गळा कुणीही कापेल, पाठीवर लटकन कुणीही लावेल. पण बाई हात वर करते तेव्हा काखेत कापड ओढलं जाऊ नये आणि हात खाली आला की तिथं चुणी पडू नये, हे वीस-वीस वर्षं मशीनवर बसलेल्यांनाही जमत नाही. मला जमतं. तेव्हा काख हा माझा प्रांत होता, आणि धाकटी नेमकी तिथंच येऊन बसली होती.

पहिला डाग माझ्याकडं आला तो एका शिक्षिकेच्या फिकट आकाशी ब्लाऊजवर. तिनं तो पिशवीतून काढला आणि अवघडून म्हणाली, "ताई, राग मानू नका. तुमच्या अस्तराचा रंग उतरला का हो?"

दोन्ही काखांत हाताच्या पंजाएवढा पिवळट डाग होता. कापड तिथं पापडासारखं कडक झालं होतं. माझ्या अस्तराचा रंग! मी अस्तर भिजवून, वाळवून, मगच कापते. माझं तोंड उघडलं होतं, पण तेवढ्यात मी ब्लाऊज नाकाजवळ नेला आणि वाळ्याचा वास आला.

मला आनंद झाला. लपवण्यात अर्थ नाही, चांगला खणखणीत आनंद झाला. मी त्या शिक्षिकेला चहा पाजला. "ठेवून जा, बघते मी काय करता येतं ते," म्हणाले. धाकटीचं नाव मी घेतलं नाही.

मी आधी घरचेच उपाय केले. आमच्याकडं काखेतला डाग म्हणजे घामाचा, आणि घामाच्या डागाला लिंबू-मीठ चोळून गच्चीवर उन्हात टाकायचं, हे आईच्या आईपासून चालत आलेलं. मी तेच केलं. संध्याकाळी आणला तर डाग बोटभर पसरला होता आणि आणखी गडद झाला होता.

शेवटी मी शहागंजातल्या चाचांकडं गेले. त्यांचं लाँड्रीचं दुकान, तीन पिढ्यांचं. भरजरी शेरवान्या, शालू, पैठण्या त्यांच्याकडं यायच्या. मी अडले की त्यांच्याकडंच जायचे. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला, डाग उजेडाकडं धरला आणि नखानं खरवडला. नखात पांढरट कण आला. तो त्यांनी बोटांत चोळला तर त्याची गोळी झाली.

"बाजी, ये पसीना नै है," ते म्हणाले. "पसीना रैता तो निंबू से जाता. ये तेल है, और तेल के पीछे मोम बैठा है. ये देखो, गोली बनती. इसकू आप धूप में डाले? धूप में तो मोम पिघल के और अंदर गया ना."

म्हणजे ती न सांगितलेली वस्तू मेण होती. मधमाश्यांचं मेण. मी ते मनात पक्कं ठेवलं.

चाचांनी मला सगळं करून दाखवलं. आधी पाणी लावायचंच नाही. डागावर शंखजिऱ्याची, म्हणजे अंगाला लावायचीच, पावडर जाड पसरायची आणि तेल तिला पिऊ द्यायचं. ती गोळा झाली की झटकायची, पुन्हा घालायची. मग भांडी घासायच्या पातळ साबणाचा थेंब, तोही आतल्या बाजूनं, बोटाच्या टोकानं. सुती कापड असेल तर शेवटी पाण्यात थोडा पांढरा सिरका, म्हणजे सोड्याचा खार निघतो. रेशमाला सिरका लावायच्या आधी आतल्या शिवणीवर रंग तपासायचा. आणि डाग पूर्ण जाईपर्यंत इस्त्री लावायची नाही, ऊन दाखवायचं नाही. गरम लागलं की मेण धाग्यात बसतं, मग ते कुणाच्या बापाला निघत नाही.

त्यांनी आणखी विचारलं, बायका हा कपडा धुतात कधी? मी म्हटलं, पाण्याच्या दिवशी. आमच्या भागात नळाला पाणी आठवड्यानं यायचं, कधी त्याहून उशिरा. तोपर्यंत वापरलेले कपडे बादलीत साठवायचे आणि पाणी आलं की सगळं एकदम उरकायचं, हीच रीत. चाचा हसले. तेवढ्या दिवसांत तेल सुकून घर करणारच. त्यात, हे मीच त्यांना सांगितलं, बायका हे घरगुती क्रीम लावतात बोटभर, वर पावडरीचा डबा उपडा करतात, आणि ओलं असतानाच ब्लाऊज चढवतात. ते म्हणाले, तांदळाच्या दाण्याएवढं लावावं, चोळून जिरवावं, वेणी-फणी होईपर्यंत थांबावं आणि मग कपडा घालावा. आल्यावर काखेत कोरडी पावडर भुरभुरून ठेवावी, त्याला पाणी कशाला लागतं?

"बनाने वाली कौन है, उसकू बोलो," चाचा म्हणाले. "मोम कम डालना बोलके. अच्छी चीज है, कपडे के वास्ते बदनाम हो जाएगी."

"बोलते," मी म्हणाले.

आणि बोलले नाही.

त्यानंतर डागाचे ब्लाऊज येतच राहिले. मी ते घ्यायचे, चाचांनी शिकवल्याप्रमाणं साफ करायचे आणि परत द्यायचे. आलेल्या सगळ्या बायकांना माझं कौतुक. कुणी विचारलं, "कशानं पडतो हो हा डाग?" की मी म्हणायचे, "उन्हाळा आहे बाई, घाम." पाणी न लावता पावडर टाका, एवढं एक वाक्य सांगितलं असतं तर त्यांचं काम घरच्या घरी झालं असतं. पण मला ते डाग पडायलाच हवे होते. एक दिवस हे आपोआप सगळ्यांसमोर यावं, मी बोटही न उचलता यावं, असं माझं चाललेलं होतं. मी वाट बघत होते.

एकदा धाकटी माझ्या मशीनपाशी येऊन बसली. काजाचा दोरा ओवून देत म्हणाली, "ताई, बायका तुझ्याजवळ मोकळं बोलतात. माझ्या क्रीमबद्दल कुणी काही वाईट बोलतं का? तोंडावर मला कुणी सांगत नाही."

तिनं अगदी साधेपणानं विचारलं होतं. तेव्हा टेबलाखालच्या पिशवीत तिच्या क्रीमचे तीन ब्लाऊज पडले होते.

"नाही गं," मी म्हणाले. "चांगलंच म्हणतात."

मग देवगाव रंगारीला आमच्या मावसबहिणीच्या मुलीचं लग्न निघालं, भर वैशाखात. आईकडच्या नात्यातलं लग्न, त्यामुळं झाडून सगळ्या बायकांचे ब्लाऊज माझ्याकडं आले. आणि मावसबहिणीनं धाकटीला सांगितलं, येणाऱ्या प्रत्येक बाईला गजऱ्याबरोबर तुझी एक डबी द्यायची. धाकटीच्या दृष्टीनं हे लहान काम नव्हतं. तालुक्यातल्या गावागावांतून बायका येणार होत्या. हे नीट पार पडलं तर ती आणखी दोघी-तिघी बायका हाताखाली घेऊन काम वाढवणार होती. बिघडलं तर सगळ्या नातलगांत एकाच दिवशी बिघडणार होतं. ते कशानं बिघडेल हे तिला ठाऊक नव्हतं, मला ठाऊक होतं. नवे रेशमी ब्लाऊज, वैशाखाचं ऊन आणि बोटभर क्रीम.

आईसाठी धाकटीनं मोतिया रंगाची रेशमी साडी आणली. ब्लाऊज अर्थातच मी शिवायचा. आईनं साडी शेजारपाजारी सगळ्यांना दाखवून आणली, ब्लाऊजचं कापड माझ्या टेबलावर ठेवून. मी तो ब्लाऊज जीव लावून शिवला. काखेत आतून लावायला मऊ सुती कापडाच्या दोन अर्धगोल पट्ट्याही कापल्या. त्या लावल्या असत्या तर तेल पट्टीत राहिलं असतं, रेशमापर्यंत आलं नसतं. दोन्ही पट्ट्या हातात घेऊन मी जरा वेळ बसले. बाहेरच्या खोलीत आई कुणाला तरी सांगत होती, "धाकटीचा हातच सढळ." मी त्या पट्ट्यांनी मशीन पुसलं आणि ब्लाऊजला हूक लावले.

लग्नाच्या सकाळी देवगावला माजघरात बायकांची तयारी चालली होती. आई माझ्यासमोर बसली होती. तिनं नवी डबी उघडली, दोन बोटं भरून क्रीम घेतलं, दोन्ही काखांत थापलं, वर पावडरीचा हात मारला आणि म्हणाली, "दे गं ब्लाऊज." मी दिला. हूक लावायला मदतही केली. एक शब्द बोलले असते तरी पुरे होतं.

अक्षता पडायची वेळ झाली तेव्हा मांडवात हवा नव्हती. मंगलाष्टकं संपेपर्यंत सगळ्यांचे हात वर-खाली होत होते. आई पुढं होती, नातीच्या लग्नात पहिली अक्षता आपलीच पडावी म्हणून हात उंच करून. मोतिया रेशमावर दोन्ही काखांत काळपट ओले चट्टे उमटले होते. गर्द रंगाच्या ब्लाऊजवाल्या बायकांचं चटकन दिसत नव्हतं. आईचं मांडवाच्या दारातून दिसत होतं.

आमची मोठी मावशी आईच्या शेजारी उभी होती. तिचा आवाज आधीच मोठा.

"अगं, काखंत काय झालंय तुझ्या? तेल सांडलं का काय?"

आईनं मान वाकडी करून पाहिलं. हात झटकन खाली घेतला आणि पदर गच्च ओढला. आजूबाजूच्या सगळ्या बायका बघत होत्या. आईनं एक क्षणही विचार केला नाही.

"थोरलीच्या मशीनचं तेल लागलं असंल," ती म्हणाली. "ध्यानच नसतं तिचं."

त्या सगळ्या बायकांच्या अंगात माझेच ब्लाऊज होते. दोन वर्षं मी ज्या क्षणाची वाट बघत होते तो आला होता आणि माझ्यावरच येऊन पडला होता. आता तरी खरं सांगावं, पण माझी जीभ उचलेना. बोलली ती धाकटी. डब्यांची टोपली कमरेवर घेऊन ती मागंच उभी होती.

"नाही मावशी, मशीनच्या तेलाचे असे दोन्ही काखांत सारखे चट्टे पडत नाहीत, आणि ताईच्या हातून ते लागत नाही. हा माझ्या क्रीमचा डाग आहे. हात वर करून बघा, तुमच्याही ब्लाऊजला असंल."

मावशीनं हात वर केला. होता. मग एकेकीनं आपापली काख बघायला सुरुवात केली. नवरा-नवरी हार घालत होते, वाजंत्री वाजत होती आणि पंधरा-वीस बायका कोपरं अंगाला चिकटवून उभ्या होत्या.

जेवणं सुरू झाली तेव्हा माजघराच्या खिडकीत मला डब्या दिसल्या. एकेक करून बायका गुपचूप ठेवून जात होत्या. पाच, मग आठ, मग खिडकीत जागा उरली नाही. धाकटी आली, बघितलं, आणि टोपलीत परत भरायला लागली. हेच मला हवं होतं. आता पोटातलं दुखणं थांबायला हवं होतं. पण मला त्या क्षणीही तिचा हेवाच वाटत होता. स्वतःचं नुकसान करणारं वाक्य ती मांडवात, सगळ्यांच्या देखत, अडखळल्याशिवाय बोलली होती. माझ्याकडं तेच वाक्य दोन वर्षं होतं आणि मला ते बाहेर काढता आलं नव्हतं.

संध्याकाळी पाठवणी होती. आईला त्यात मिरवायचं होतं, पण ती पदराच्या आत हात घेऊन भिंतीशी बसली होती आणि जेवायलाही उठत नव्हती. मी तिला माझा जादाचा ब्लाऊज घालायला दिला, पंगतीत बसवलं आणि तिचा मोतिया ब्लाऊज घेऊन आतल्या खोलीत गेले. नवरीच्या खोलीतून पावडरीचा डबा उचलला. ब्लाऊज उलटा केला, घडी केलेला पंचा खाली घातला आणि काखेत पावडर पसरली. पंधरा मिनिटांनी ती गोळा झाली, झटकली, पुन्हा पसरली. मोरीतून साबणाचा थेंब आणला, आधी आतल्या शिवणीवर लावून रंग जात नाही ना ते बघितलं. मग बोटाच्या टोकानं गोल गोल. ओल्या फडक्यानं टिपून घेतलं. डाव्या काखेतला डाग संपला, उजवीकडंही थोडाच उरला. माझे हात आपोआप चालले होते.

धाकटी दारातून आत आली तेव्हा तिच्या हातात तापलेली इस्त्री होती.

"दे, मी वाळवून देते. पाठवणीच्या आत आईला घालता येईल."

"थांब," मी ओरडलेच. "इस्त्री लावू नको. मेण आत बसंल."

ती थांबली. आधी तिनं ब्लाऊजकडं बघितलं, डाव्या काखेकडं, जिथं आता काही नव्हतं. मग पावडरीच्या डब्याकडं, फडक्याकडं. मग माझ्याकडं.

"मेण घालते हे मी कुणालाच सांगितलं नाही ताई," ती म्हणाली. "तुला कसं माहीत?"

मी पावडरीच्या डब्याचं झाकण लावलं.

"आत्ता कळलं? या डागावरून?"

हो म्हणायला जागा होती. तिनंच ती करून दिली होती. मला वाटतं तिला मी हो म्हणावं असं वाटत होतं.

"नाय," मी म्हणाले. "दोन वर्षं झाली."

तिनं इस्त्री फरशीवर उभी ठेवली. मग म्हणाली, "म्हणजे मी तुला विचारलं होतं, काज करताना…"

"व्हय. तेव्हा टेबलाखाली तीन ब्लाऊज होते."

"आणि मला वाटलं आज तुझं नाव जाईल," ती म्हणाली. "म्हणून मी बोलले."

ती रडली असती, भांडली असती तर मला सोपं गेलं असतं. मी उत्तरं तयार ठेवली होती, आईचं काय काय मनात साचलंय ते सगळं. ती खाली बसली, पावडरीचा डबा आपल्याकडं ओढला आणि म्हणाली, "कसं काढायचं ते नीट सांग." मी सांगितलं. पावडर, थांबणं, साबण, सिरका, इस्त्री नको, ऊन नको, पाण्याच्या दिवसाची वाट बघायची नाही. किती लावायचं आणि किती वेळ थांबायचं. काखपट्ट्यांचंही सांगितलं, मशीन पुसल्याचं सुद्धा. उजव्या काखेतला उरलेला डाग तिनं स्वतः काढला आणि ब्लाऊज पंख्याखाली धरून उभी राहिली.

आई जेवून परत आली तेव्हा ब्लाऊज धाकटीच्याच हातात होता. आईनं तो उजेडाकडं नेला, आतून-बाहेरून बघितला आणि तिथंच, दाराआड, घाईघाईनं अंगात घातला. मग माजघरात जाऊन तिनं दोन्ही हात वर केले.

"बघा," ती म्हणाली. "हाये का कुठं? माझ्या धाकटीनं काढला. शिकलेली हाये ती. डाग पाडला तिनंच आन् काढला बी तिनंच."

बायका गोळा झाल्या. मावशीनं जवळ येऊन बोटानं कापड चाचपलं. "खरंच गं, मागमूस नाही. आम्हाला बी सांग की कसं काढायचं," ती धाकटीला म्हणाली. कुणी तरी टोपलीतून आपली डबी परत उचलली. मग दुसरीनं उचलली.

धाकटी माझ्याकडं बघत होती. "आई, हे ताईनं…" असं तिनं सुरूही केलं, आणि पुढचं माझ्यावर सोडलं. एक शब्द बोलायचा होता. बावीस वर्षांत पहिल्यांदा आईनं माझ्या हाताचं काम चार बायकांत उचलून दाखवलं होतं. ते माझं होतं. पण माझं म्हटलं की कुणी तरी विचारलं असतं, तुला कुठून आलं? कधी शिकलीस? आणि मग, एवढं येत होतं तर सकाळी आईला क्रीम थापताना बघून गप्प का बसलीस?

"धाकटीनंच काढला," मी म्हणाले. "मी नुसती पावडर धरून उभी होते."

धाकटीनं मान खाली घातली आणि बायकांना समजावून सांगायला लागली, अगदी माझ्याच शब्दांत, पहिल्यापासून. मावशी ऐकता ऐकता माझ्याकडं वळली.

"नशीब हाये गं तुझं," ती म्हणाली, "अशी बहीण मिळायला."

"व्हय," मी म्हणाले.